रूप, काळ आणि संग्रह : सौंदर्यलक्ष्यी चित्रपटाच्या ओढीविषयी

१

खडवली हे मध्य रेल्वेच्या कल्याण-कसारा मार्गावरील, टिटवाळा आणि वासिंद यांच्यामधले, भातसा नदीच्या काठचे स्थानक. मुंबईच्या टर्मिनसपासून ते सुमारे ७० किलोमीटर दूर आहे. चित्रपटविषयक चर्चेत अशा गावाचे नाव सहसा येत नाही. परंतु वेगळ्या चित्रपटाची ओढ ही काय चीज आहे, असा प्रश्न विचारायचा असेल तर तो येथूनच विचारणे सोयीचे ठरते. १९६८ साली मुंबईत 'प्रभात चित्र मंडळ' स्थापन झाले, आणि जे चित्रपट व्यावसायिक चित्रगृहांत येत नसत ते पाहण्याची एक रीतसर वाट मराठी रसिकाला मिळाली. मात्र कल्याणपलीकडच्या रसिकासाठी ती वाट लांबची होती. संध्याकाळचा खेळ संपल्यावर कसारा लोकल मिळेल की नाही, याचा हिशोब त्याच्या रसास्वादाचाच एक भाग असे. ज्या चित्रपटात घटना कमी आणि क्षण दीर्घ, अशा चित्रपटासाठी हा हिशोब करणारा माणूस नेमके काय शोधत असतो?

या प्रश्नाला जोडूनच दुसरा प्रश्न येतो. असा चित्रपट दुर्मिळ असतो. त्याच्या प्रती थोड्या, प्रदर्शने तुरळक. त्यामुळे त्याच्याभोवती रसिकाबरोबरच संग्राहकही उभा राहतो. पुढे व्हिडिओ कॅसेट आली, मग चकती आली, मग संगणकातली संचिका आली. आणि रसिकाला घरबसल्या संग्राहक होता येऊ लागले. रसिक आणि संग्राहक या दोन भूमिका एकाच व्यक्तीत नांदू लागल्या. तथापि एकाच व्यक्तीत नांदतात म्हणून त्या एकरूप आहेत असे मानता येणार नाही. रसिकाला चित्रपट अनुभवायचा असतो, संग्राहकाला तो राखायचा असतो. सौंदर्याला प्राधान्य देणाऱ्या स्वतंत्र चित्रपटाच्या बाबतीत या दोन इच्छांमध्ये एक ताण आहे. त्या ताणाचे स्वरूप तपासणे हे प्रस्तुत विवेचनाचे प्रयोजन आहे.

२

प्रथम 'सौंदर्य' या शब्दाविषयी. चित्रपट 'सुंदर' आहे असे जेव्हा म्हटले जाते, तेव्हा पुष्कळदा त्याचे छायाचित्रण देखणे आहे एवढाच अर्थ अभिप्रेत असतो. धुके, पाण्यावरचा प्रकाश, जुन्या वाड्याच्या चौकातली सावली यांची योजना जाहिरातपटही करतात. देखणेपणा हा दृश्याचा गुण आहे; रूप हा दृश्यांच्या परस्परसंबंधांचा गुण आहे. हा भेद मराठी समीक्षेला नवा नाही. बा. सी. मर्ढेकरांनी कलाकृतीचे सौंदर्य तिच्या माध्यमद्रव्यातील लयबद्ध संघटनेत पाहिले आणि संवाद, विरोध व समतोल ही लयीची तत्त्वे सांगितली. त्यांच्या सिद्धान्तावर पुढे अनेक आक्षेप घेतले गेले, आणि ते बहुतांशी रास्तही आहेत. परंतु चित्रपटाच्या संदर्भात त्या सिद्धान्ताची एक उपयुक्तता शिल्लक राहते: तो 'लय कोणत्या द्रव्याची?' असे विचारायला भाग पाडतो.

चित्रपटाचे द्रव्य केवळ प्रकाश आणि आकार नव्हे. ते काळही आहे. चित्रकाराची चौकट प्रेक्षकासमोर थांबलेली असते. तिच्यासमोर किती वेळ उभे राहायचे हे प्रेक्षक ठरवतो. चित्रपटाची चौकट किती वेळ राहील हे दिग्दर्शक आणि संकलक ठरवतात. त्यामुळे चित्रपटातील सौंदर्य हे मूलतः कालावधीचे सौंदर्य असते, आणि जे चित्रपट या गोष्टीची जाणीव ठेवून घडवले जातात त्यांनाच येथे 'सौंदर्यलक्ष्यी' म्हटले आहे.

फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या अर्थसाहाय्याने तयार झालेला मणी कौल यांचा 'उसकी रोटी' (१९६९) हे याचे ठळक उदाहरण. मोहन राकेश यांच्या कथेत घडते ते फार थोडे: नवऱ्याची भाकरी घेऊन एक स्त्री रस्त्यावर त्याच्या बसची वाट पाहते. कौल यांनी दोन भिंगे निवडली. एक २८ मिलिमीटरचे, पुष्कळ परिसर स्पष्ट दाखवणारे. दुसरे १३५ मिलिमीटरचे, थोड्याच अंतरापुरती सुस्पष्टता देणारे. प्रारंभी एक भिंग प्रत्यक्षासाठी आणि दुसरे कल्पनेसाठी, अशी विभागणी केल्यासारखी वाटते. पुढे ती उलटवली जाते. प्रेक्षकाला याचे तांत्रिक ज्ञान असण्याची गरज नाही. वाट पाहणाऱ्या मनात घडलेले आणि कल्पिलेले यांच्यातली रेषा पुसट होते, हे त्याला कथनाच्या मदतीशिवाय, चौकटीच्या खोलीतून कळते. येथे रूप हे आशयावर चढवलेले अलंकरण राहत नाही. वाट पाहणे हा आशय आहे, आणि तो प्रेक्षकाकडून प्रत्यक्ष वाट पाहवून घेतल्याखेरीज सांगता येत नाही.

कुमार शहानी यांच्या 'माया दर्पण' (१९७२) या निर्मल वर्मांच्या कथेवरील चित्रपटात हेच कार्य रंगांच्या क्रमाकडे आणि हालचालींच्या पुनरावृत्तीकडे सोपवलेले आहे. सरंजामी घरातील तरुणीची कोंडी संवादांतून क्वचितच बोलली जाते. ती रंगांच्या बदलातून उमगते. ऋत्विक घटकांचे हे दोन्ही विद्यार्थी. शहानी यांनी पुढे फ्रान्समध्ये रोबेर ब्रेसाँ यांच्याकडे साहाय्यक म्हणून काम केले. त्या पिढीला इतिहास आणि रूप हे दोन विरोधी विषय वाटत नव्हते, ही गोष्ट महत्त्वाची आहे. शहानी यांच्यावर दा. ध. कोसंबींच्या इतिहासदृष्टीचा प्रभाव होता, हे विसरून त्यांना 'केवळ रूपवादी' म्हणणे हा अभ्यासाचा आळस ठरेल.

या चित्रपटांवरचा सर्वांत वजनदार आक्षेप सत्यजित राय यांच्याकडून आला. १९७१ आणि १९७४ मधील दोन लेखांत त्यांनी नव्या लाटेच्या दाव्यांची कठोर तपासणी केली. प्रेक्षकाशी संवाद साधण्याची जबाबदारी दिग्दर्शकाला टाळता येत नाही, हा त्यांच्या टीकेचा गाभा. राय यांचा आक्षेप फेटाळून लावणे सोपे नाही. र. बा. पाटणकरांनी 'सौंदर्यमीमांसे'त (१९७४) दाखवून दिलेली लौकिकतावादी आणि अलौकिकतावादी भूमिकांची द्विध्रुवात्मकता येथे कामी येते. राय हे कलेला जीवनव्यवहाराच्या संकल्पनांशी बांधून ठेवतात. कौल तिला त्यांपासून शक्य तितके दूर नेतात. पाटणकरांच्या मांडणीचा धडा असा की यांतील कोणत्याही एका ध्रुवावर कलेला कायमचे राहता येत नाही. 'उसकी रोटी'तील स्त्रीची भूक, थकवा आणि भीती जर प्रेक्षकाला लौकिक पातळीवर ओळखता आली नाही, तर भिंगांच्या अदलाबदलीला अर्थच उरत नाही. म्हणजे हा चित्रपट लौकिकाला नाकारत नाही. त्याला पोहोचायला वेळ लावतो. राय यांना हा वेळ अवाजवी वाटला. ज्यांना तो अवाजवी वाटला नाही, त्यांच्यापासून या चित्रपटाचा रसिकवर्ग तयार झाला.

३

रसिकवर्ग लहान असणे याचा आर्थिक परिणाम उघड होता. 'माया दर्पण'नंतर शहानी यांचा पुढचा कथापट 'तरंग' यायला १९८४ साल उजाडले. कौल यांच्या 'दुविधा'ला (१९७३) चित्रकार अकबर पदमसी यांनी मदत केली. स्वतंत्र चित्रपट हा अशा रीतीने चित्रकलेच्या, म्हणजेच संग्राहकांच्या, जगाच्या शेजारी राहू लागला. मात्र शेजार असला तरी दोन्ही घरांचे कायदे निराळे आहेत.

वॉल्टर बेन्यामिनने १९३१ साली आपल्या ग्रंथसंग्रहाविषयी लिहिताना संग्राहकाचे वस्तूशी असलेले नाते उपयुक्ततेचे नसते, वस्तूच्या नियतीत सहभागी होण्याचे असते, असे सुचवले होते. त्याच लेखकाने १९३० च्या दशकाच्या मध्यात यांत्रिक पुनरुत्पादनाविषयीचा प्रसिद्ध निबंध लिहिला आणि अस्सल कलावस्तूचे तेजोवलय चित्रपटाच्या युगात विरते असे प्रतिपादन केले. या दोन विचारांना एकत्र ठेवले की चित्रपटाच्या संग्राहकाची अडचण समोर येते. ज्या कलेत मूळ आणि प्रत हा भेदच मावळलेला आहे, तिच्यात तो 'दुर्मिळ' असे काय शोधतो?

उत्तर पदमसींच्याच एका प्रयोगात आहे. १९६९ नंतर मुंबईत त्यांनी चालवलेल्या 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' या उपक्रमात चित्रकार, छायाचित्रकार आणि चित्रपटकार एकत्र येत. तेथे पदमसींनी स्वतःही दोन लघुपट केले. त्यांपैकी 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' या लघुपटाची एकच प्रत होती आणि ती हरवली. २०१६ मध्ये आशिम अहलुवालिया यांनी त्याच नावाचा चित्रपट काढला तो या हरवण्याविषयी. पदमसींचे चित्र एकमेव असते म्हणून संग्राहकाला ते अनमोल वाटते. त्यांचा चित्रपट एकमेव होता म्हणून तो नाहीसा झाला. चित्राचे एकमेवपण हे मूल्य असते, चित्रपटाचे एकमेवपण हे संकट असते. चित्रपटाचा जाणता संग्राहक म्हणूनच एकमेवपण टिकवण्यासाठी धडपडत नाही. ते संपवण्यासाठी धडपडतो.

मराठीतले याचे सर्वांत बोलके उदाहरण 'घाशीराम कोतवाल' (१९७६). विजय तेंडुलकरांचे नाटक १९७२ साली रंगभूमीवर आले आणि त्यावरून उठलेले वादळ सर्वपरिचित आहे. चित्रपट मात्र फारसा परिचित नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी 'युक्त' या नावाने सहकारी तत्त्वावर एकत्र येऊन तो तयार केला. के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप ही त्याच्या दिग्दर्शनाशी जोडलेली नावे. पटकथा तेंडुलकरांची. नाना फडणविसांच्या भूमिकेत मोहन आगाशे, घाशीरामच्या भूमिकेत ओम पुरी. ज्या महाराष्ट्राने साखरेपासून दुधापर्यंत सहकाराचे प्रयोग केले, तेथे कलेच्या क्षेत्रातही सामूहिक कर्तृत्वाचा असा प्रयोग व्हावा हे सुसंगतच होते.

रंगभूमीवर या नाटकाची शक्ती माणसांच्या भिंतीत होती. ती भिंत कधी पडदा होई, कधी समाज, कधी कारस्थान. चित्रपटकारांनी त्या भिंतीची नक्कल केली नाही. लांब, न तोडलेल्या चित्रणांतून कॅमेरा माणसांच्या गटांभोवती फिरत राहतो. गट जुळतात, फुटतात, पुन्हा जुळतात. सत्ता कोणाच्या हातात आहे हे कोणी सांगत नाही; मोकळ्या जागेत कोण कोठे उभा आहे यावरून ते कळते. ३५ मिलिमीटरच्या १००० फुटी रिळात जेमतेम अकरा मिनिटांचे चित्रण मावते. त्या मर्यादेच्या जवळ जाणारे सलग चित्रण म्हणजे नट, कॅमेरा आणि फीत या तिघांनी एकाच श्वासात केलेले काम. त्यातील ताण प्रेक्षकाला जाणवतो, कारण कोठेही काही चुकले असते तर सारे पुन्हा करावे लागले असते.

या चित्रपटाला भारतात सर्वसाधारण प्रदर्शन जवळजवळ लाभलेच नाही. तो टिकला तो बर्लिनमधील आर्सेनल या संस्थेने जतन केलेल्या प्रतीमुळे. पुढे तिच्या आधाराने त्याचे डिजिटल रूप तयार झाले आणि चकतीही निघाली. पेशवाईतल्या पुण्याविषयीचा मराठी चित्रपट मराठी माणसाला जर्मनीच्या वाटेने परत मिळाला. यात परक्यांच्या औदार्याचे कौतुक जेवढे आहे, तेवढाच येथल्या अनास्थेवर आरोप आहे. ज्या नाटकासाठी लोक रस्त्यावर उतरले, त्याच्या चित्रपटाची प्रत कोठे आहे हे कोणी फारसे विचारले नाही.

अनास्था जुनी आहे. चांदी काढण्यासाठी जुन्या फिती गाळल्या गेल्या, हा भारतीय चित्रपटाच्या इतिहासातील एक दुःखद व्यवहार. फितीची किंमत तिच्यातील धातूवरून ठरवणारे जग एकीकडे आणि १९६४ साली पुण्यात सुरू झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आकार देणारे पी. के. नायर दुसरीकडे. फाळके यांच्या 'कालिया मर्दन'चे (१९१९) अवशेष त्यांनी फाळके कुटुंबीयांकडून मिळवले आणि जुळवले. नायर यांनी गोळा केलेले चित्रपट इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांना आणि फिल्म सोसायट्यांना पाहायला मिळत. त्यांच्या लेखी जमवणे आणि दाखवणे यांत फरक नव्हता. २००३ सालच्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फितींच्या साठ्याला आग लागली, आणि साठवलेले सुरक्षितच असते हा भ्रमही त्यात जळाला. २०२२ मध्ये हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. संस्थेच्या नावापेक्षा तिच्यातली प्रत पडद्यावर किती वेळा जाते हा प्रश्न अधिक मोलाचा आहे.

४

येथवर संग्राहकाची बाजू मांडली. आता तिची मर्यादा पाहिली पाहिजे.

घरातील चकतीने रसिकाला एक नवा अधिकार दिला: थांबवण्याचा. आवडलेली चौकट थांबवावी, न्याहाळावी, मागे जावे, पुन्हा पाहावे. अभ्यासकाला याचा लाभ निर्विवाद आहे. अरुण खोपकरांनी 'गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका' (१९८५) या ग्रंथात प्रकाशयोजना, चौकट आणि संगीत यांचे जे सूक्ष्म विश्लेषण केले, तसे विश्लेषण चित्रपट पुनःपुन्हा पाहिल्याशिवाय संभवत नाही. परंतु अभ्यासकाचे थांबणे आणि संग्राहकाचे थांबणे यांत हेतूचा फरक आहे. अभ्यासक लय समजून घेण्यासाठी लय मोडतो आणि पुन्हा तिच्याकडे परततो. संग्राहक अनेकदा थांबलेल्या चौकटीतच राहतो. त्याला हवे असलेले सौंदर्य देखणेपणाकडे, म्हणजे आरंभी बाजूला ठेवलेल्या अर्थाकडे, घसरते.

'दुविधा'मध्ये ही गोष्ट पारखून पाहता येते. विजयदान देथा यांच्या कथेतील नववधूचा नवरा लग्नानंतर लगेच व्यापारासाठी दूर जातो आणि त्याचे रूप घेऊन एक भूत तिच्याकडे येते. कौल यांनी या चित्रपटात स्थिर चौकटी वापरल्या आहेत. हलणारे चित्र मध्येच गोठते. ते गोठणे चित्रपटाच्या काळाच्या आत आहे: वधूचे आयुष्य जेथे अडकले तेथे चित्र अडकते, आणि प्रेक्षकाला त्यातून सुटका करून घेता येत नाही. घरी चकती थांबवून मिळवलेली स्थिर चौकट दिसायला तशीच असेल. पण ती काळाच्या बाहेर असते, कारण ती प्रेक्षकाच्या मर्जीने थांबली आहे. पहिल्या थांबण्यात वधूची असहायता आहे, दुसऱ्यात मालकाचा हक्क. सौंदर्य एकच, परंतु अर्थ उलटा.

हा पेच महाराष्ट्राला चित्रपटाच्याही आधी संगीताने शिकवला आहे. ७८ गतीच्या तबकडीत ख्याल तीन-साडेतीन मिनिटांत मावत असे. ती तबकडी जपणाऱ्या दर्दी माणसाला ठाऊक असे की हाती आहे ती मैफल नव्हे, मैफलीची खूण आहे. तरी त्या खुणेवर पिढ्या घडल्या. कौल यांनी झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपदाचे शिक्षण घेतले आणि 'ध्रुपद' (१९८२) हा चित्रपट केला, हा योगायोग नव्हे. आलापाची कल्पनाच अशी आहे की राग टप्प्याटप्प्याने, वेळ घेऊन, ऐकणाऱ्याच्या धीराच्या मदतीने उलगडावा.

चैतन्य ताम्हाणे यांच्या 'द डिसायपल' (२०२०) या मराठी चित्रपटाने तर रसिक आणि संग्राहक यांच्यातील हा ताण कथेच्याच केंद्राशी आणला. व्हेनिस महोत्सवात पटकथेचे पारितोषिक मिळवणाऱ्या या चित्रपटातील शरद नेरुळकर हा गायक आहे. पण त्याहून अधिक तो ध्वनिफितींचा वारसदार आहे. कधीच न पाहिलेल्या माईंची व्याख्याने कानाला लावून तो रात्रीच्या मुंबईतून मोटारसायकलवर फिरतो. त्या दृश्यांची संथ गती विलक्षण सुंदर आहे, आणि त्या सौंदर्यातच फसगत आहे: जिवंत अनुभवाची जागा जपलेल्या आवाजाने घेतली आहे. दुर्मिळ ध्वनिमुद्रणांचा एक संग्राहक त्याला भेटतो आणि माईंविषयी जे सांगतो ते त्याच्या मनातील मूर्ती भंगवणारे असते. शरद त्याच्या तोंडावर पाणी फेकतो. प्रसंग छोटा आहे, पण त्याचा अर्थ दूरवर जातो. संग्राहकाजवळ वस्तू आहे, माहिती आहे, अधिकारही आहे, श्रद्धा नाही. शरदजवळ श्रद्धा आहे, गाणे नाही. संग्रह आणि भक्ती या दोन्हींतून सृजन आपोआप निपजत नाही, हे कटू सत्य चित्रपट कोणाचाही उपहास न करता मांडतो.

५

मग सौंदर्यलक्ष्यी चित्रपटाच्या संग्रहाला काय अर्थ उरतो? उत्तर शोधताना खडवलीसारख्या स्थानकाकडे परत यावे लागते. मुंबई-पुण्यातील रसिकाने संग्रहाकडे चैन म्हणून पाहिले तर ते समजण्याजोगे आहे. त्याला निवड असते. शेवटची लोकल गाठण्यासाठी चित्रपट अर्ध्यावर सोडावा लागणाऱ्याच्या दृष्टीने घरातील प्रत ही मालकीची खूण नसते. न पाहिलेल्या शेवटापर्यंत पोहोचण्याचा तो एकमेव उपाय असतो. कमल स्वरूप यांचा 'ओम दर-ब-दर' (१९८८) चित्रगृहांत आला तो २०१४ मध्ये. मधली पंचवीस वर्षे तो हस्ते-परहस्ते फिरणाऱ्या, पुसट होत गेलेल्या व्हिडिओ प्रतींतून जिवंत राहिला. त्या प्रतींत रंग उडालेले होते आणि चौकटीच्या कडा कापल्या गेल्या होत्या, तरी रसिकांनी त्या सांभाळल्या. केवळ देखणेपणासाठी कोणी अशी प्रत सांभाळत नाही. म्हणजे ओढ देखणेपणाची नव्हती. रूपाची होती, आणि रूप हे खराब प्रतीतूनही काही अंशी टिकते. हा पुरावा सौंदर्यलक्ष्यी चित्रपटावरील अभिजनवादाच्या आरोपाचेही काही प्रमाणात उत्तर देतो. दुर्मिळता या चित्रपटांच्या स्वभावात नव्हती; ती वितरणाने त्यांच्यावर लादली.

यावरून संग्रहाची एक कसोटी निघते. जो संग्रह चित्रपटाला त्याचा काळ परत देतो तो सार्थ; जो त्याला चौकटींच्या ढिगात रूपांतरित करतो तो, प्रती कितीही निर्दोष असल्या, तरी निष्फळ. काळ परत देणे म्हणजे सलग पाहणे, इतरांसोबत पाहणे, आणि पाहिल्यावर बोलणे. महाविद्यालयांच्या मराठी विभागांत 'घाशीराम कोतवाल'ची संहिता वर्षानुवर्षे शिकवली जाते. तिच्याबरोबर हा चित्रपट एकदा अखंड दाखवला गेला, तर बर्लिनमध्ये जपलेल्या प्रतीचे ऋण काही अंशी फिटेल. त्यासाठी मोठ्या निधीची गरज नाही. काळोख करता येईल अशी खोली आणि दोन तास उसंत लागते.

'द डिसायपल'चा शेवट मुंबईच्या लोकल गाडीत होतो. गायक होण्याचा ध्यास सोडून दिलेला शरद पत्नी आणि मुलीसह बसला आहे, आणि डब्यातून एक फिरता गायक गात पुढे जातो. त्याचे गाणे कोणी जमवलेले नाही, आणि शरदच्या आयुष्यभराच्या साठ्यात ते नाही. कल्याणच्या पुढे गर्दी ओसरलेल्या डब्यात असा आवाज अनेकांनी ऐकलेला असतो. तो ऐकू येतो तेवढा वेळ लक्ष देऊन ऐकणे हे रसिकाचे काम. तो विरल्यावर त्याची खूण मागे राहावी यासाठी झटणे हे संग्राहकाचे. दुसरे काम पहिल्यासाठी असते, एवढे भान राहिले तर दोघांत वैर उरत नाही.